सी ड्राइव्हमधला फरार खेळ

बालाघाट जिल्ह्यात वाघ पुष्कळ आहेत, गुप्तहेर मात्र एकच. तो मी. बंडोपंत टेंभेकर.

वन खात्यात माझी एकतीस वर्षं नोकरी झाली. जळणारे लोक म्हणतात, हा तर डेपोत आवक-जावक कारकून होता. कागदोपत्री ते खरं आहे. पण जो माणूस एकतीस वर्षं दुसऱ्यांच्या नावाची पत्रं उघडून वाचत आला, त्याला गुप्तहेर नाही तर काय म्हणायचं? निवृत्तीनंतर मी तीन प्रकरणं हाती घेतली. त्यातली दोन अजून चालू आहेत. तिसऱ्यात हरवलेली छत्री आपणहून घरी परत आली, माझ्या दहशतीने.

माझा सहायक सुखराम. हा निवृत्त वनरक्षक. ओल्या मातीतला पंजा पाहून वाघीण कधी गेली, पोटुशी होती की नव्हती, हे तो सांगायचा. असल्या किरकोळ विद्येवर त्याचं आयुष्य गेलं याची मला दया येते, म्हणून मी त्याला तर्कशास्त्र शिकवतो. तो सगळं ऐकून घेतो आणि मग बिडी पेटवतो.

गोष्ट दोन हजार एक सालच्या फेब्रुवारीतली. गुरुवारी सकाळी मी आमच्या मराठी वाचनालयात पेपर वाचत होतो. कोपऱ्यातल्या टेबलावर अंजना संगणकापुढे बसली होती. हा संगणक मलाजखंडच्या चिन्मय नावाच्या इंजिनिअरने वाचनालयाला दिलेला. त्याने घरी नवा घेतला, जुना आम्हाला दान केला. त्यात पुस्तकांची यादी भरायला आठ महिन्यांपूर्वी ही पोरगी ठेवली होती. लांजीची, बी.ए. झालेली, इथे मावशीकडे राहायची.

एकाएकी ती म्हणाली, "काका, डिस्क फुल."

"कोणतं फूल?" मी सावध झालो.

"फूल नाही जी. जागा संपली म्हणते. यादी सेव्हच नाही होऊन राह्यली."

तेवढ्यात वाचनालयाचे सचिव भोजराजभाऊ आत आले. त्यांची धानाची मिल आहे. वाचनालयाची इमारत त्यांच्या वडिलांनी बांधली आणि तेव्हापासून या घराण्याने पुस्तकाला हात लावायचं काम दुसऱ्यांवर सोपवलं.

"जागा काहून नाही संपणार?" भोजराजभाऊ गरजले. "मंगळवारी मी खिडकीतून पाह्यलं न. पडद्यावर मोटारी धावून राह्यल्या होत्या! खुर्चीवर कोण होतं ते नाही दिसलं. इथी गेम भरले आहेत कोणीतरी. रविवारी गोंदियाचा मेकॅनिक बोलावला मी. तो सगळं पुसून टाकते. आणि रविवारीच कमिटीत तुझ्या नोकरीचं पाहू, पक्की करायची का घरी पाठवायचं."

ते निघून गेले. अंजना उठून माझ्या टेबलाशी आली.

"सगळं पुसलं तं यादीही जाईल, काका. तीन हजार आठशे बारा पुस्तकं. फ्लॉपीची फटही बिघडली आहे, दुसरीकडे काढून नाही ठेवता येत."

"आणि नोकरी?"

"नोकरी गेली तं लांजीले परत. मामानं एक मुलगा पाहून ठेवला आहे. त्याच्यापाशी मोटारसायकल आहे."

"आणखी?"

"आणखी काहीच नाही जी."

मी पेपर घडी घालून ठेवला. प्रकरण माझ्याकडे आलं होतं.

सुखरामला बोलावून मी तपास सुरू केला. संगणकाच्या पडद्यावर लहान लहान चित्रं होती. त्यातलं एक लाल मोटारीचं. गुन्हेगार इतक्या उघड्यावर उभा राहील असं मला वाटलं नव्हतं. मी त्या मोटारीवर बाण नेला आणि डिलीटचं बटण दाबलं. मोटार नाहीशी झाली. शेजारी कचऱ्याचा डबा दिसत होता. अर्धवट काम मी करत नाही. अंजनाला सांगून तो डबाही रिकामा करून टाकला.

"चार मिनिटं," मी घड्याळ पाहून म्हणालो.

अंजनाने यादी सेव्ह करून पाहिली. पुन्हा तोच निरोप. डिस्क फुल.

सुखराम इतका वेळ दारातून पाहत होता. तो म्हणाला, "साहेब, तुम्ही पाटी काढली. दुकान तं तिथंच आहे."

अशा ग्रामीण बोलण्याकडे मी लक्ष देत नाही.

शुक्रवारी मी शास्त्रशुद्ध पद्धतीने निघालो. खेळ पडद्यावर दिसतो, म्हणून तो पडद्याच्या डब्यात असावा, हा पहिला तर्क. मी डब्यामागे बॅटरी मारून पाहिली. आत धूळ होती आणि एक पाल होती. पालीची चौकशी निष्फळ ठरली. दुसरा तर्क असा की खेळ खेळताना हात माऊसवर असतो, तेव्हा चोर माऊसमध्ये असणार. मी माऊस उलटा करून उघडला. त्यातून एक रबरी गोळी निघाली आणि कपाटाखाली गेली. ती शोधण्यात दुपार गेली. सुखरामला ती सापडली. रांगणाऱ्या वस्तू त्याला सापडतात.

मग अंजनाने 'माय कॉम्प्युटर' उघडून सी ड्राइव्ह दाखवला. पिवळ्या पाकिटांची रांग लागली. तिलाही यातलं काही ठाऊक नव्हतं. चिन्मयने तिला यादीचं चित्र दाखवून सांगितलं होतं, हे दाबायचं, पुस्तकं भरायची, बंद करायचं, बाकी कशाला हात लावायचा नाही.

मी एकेका पाकिटाची नावं वाचू लागलो. "प्रोग्राम फाइल्स. म्हणजे कार्यक्रमांच्या फायली. गणेशोत्सव, कोजागिरी, हळदीकुंकू. मंडळाचे खाजगी कागद आहेत, सभ्य माणसाने त्यात डोकावू नये. पुढे चला." आणि पुढच्याच पाकिटावर माझं बोट थबकलं. "विंडोज!"

"काय झालं जी?" अंजनाने विचारलं.

"पोरी, चोर घरात कुठून शिरतो?"

"दारातून?"

"खिडकीतून! आणि इथे एक नाही, अनेक खिडक्या आहेत." असं म्हणून मी डिलीट दाबलं. संगणकाने घाबरून विचारलं, नक्की का? मी हो म्हणणार, एवढ्यात अंजनाने धावत जाऊन भिंतीतली वायर ओढली. पडदा काळा झाला.

"काका," ती धापा टाकत म्हणाली, "हा चालूच होते विंडोजवर. चिन्मयदादांनी तेवढं सांगतलं होतं."

वायर परत लावल्यावर पडदा निळा झाला आणि वीस मिनिटं निळाच राहिला. गुन्हेगार भ्याला की त्याचा रंग पालटतो, हे मी सुखरामला समजावून सांगितलं. अंजना देवाचं नाव घेत बसली होती. अखेर यादी दिसली तेव्हा तिने आधी माझ्या हातातला माऊस काढून घेतला.

शनिवारी मी एसटीडी बूथवरून मलाजखंडला फोन लावला. सुखराम काचेच्या दाराशी कान लावून उभा होता.

"चिन्मयराव, तुमच्या संगणकात एक खेळ दडून बसला आहे. त्याचा ठावठिकाणा हवा."

"सोपं आहे काका. आमची पोरगी ओवी खेळायची, तेच गेम असतील. पडद्यावर लाल गाडीचं चित्र आहे न? त्याच्यावर उजवं बटण दाबा, प्रॉपर्टीज उघडा. गेम कुठी ठेवला आहे त्याचा पूर्ण पत्ता तिथी लिहिलेला असते."

ज्याला गुन्हेगाराचा पत्ता तोंडपाठ होता असा एकमेव साक्षीदार मी पहिल्या चार मिनिटांत स्वतःच्या हाताने संपवला होता.

"ते चित्र आता नाही," मी म्हणालो.

"डिलीट केलं? हरकत नाही. रिसायकल बिनमधून परत काढा."

"तोही रिकामा केला."

"काहून?"

"पुरावा मागे राहू नये म्हणून."

चिन्मय म्हणाला, "काका, पुरावा चोर नष्ट करते. बरं, जाऊ द्या. असं करा, तुम्ही प्रोग्राम फा..." आणि लाइन कटली. पुन्हा लावली तर लागेना.

"काय म्हणले?" सुखरामने विचारलं.

"त्यांना कसल्यातरी प्रोग्रामला जायची घाई होती."

वाचनालयात परतलो तेव्हा अंजना एक जाड वही घेऊन पडद्यावरची यादी हाताने उतरवत होती. पुस्तकाचं नाव, लेखक, कपाट, कप्पा. संध्याकाळपर्यंत तीनशे चाळीस झाली होती. मी तिला म्हणालो, "घरी जा, उद्या सकाळी नऊला ये. बंडोपंताने अजून हार मानलेली नाही." ती म्हणाली, "हौ काका." पण वही तिने मिटली नाही. तिच्या बोटाला निळी शाई लागली होती. पहिल्यांदाच मला माझा एकही तर्क सुचेना.

रविवारी नऊ वाजता आम्ही तिघं पुन्हा त्या पिवळ्या पाकिटांपुढे बसलो. कमिटी साडेदहाला येणार होती. मी डोळे मिटून चिंतन करत होतो. सुखरामने बिडी कानावर अडकवली आणि म्हणाला, "साहेब, एक गोष्ट विचारू?"

"विचार."

"हे कम्पुटर तं गेल्या पावसाळ्यात आलं. अन् आपल्या लायब्ररीत दोन सालात एकही प्रोग्राम नाही झाला. गणपतीही नाही बसला, भोजराजभाऊचं भांडण झालतं म्हणून. मंग ह्या प्रोग्रामच्या फायली कायच्या हायत?"

मी स्मित केलं. अशा भाबड्या प्रश्नांची उत्तरं माझ्याकडे तयार असतात. मी तोंड उघडलं. "कोजागिरी..." मी म्हणालो आणि बोटांवर सालं मोजू लागलो.

अंजनाने प्रोग्राम फाइल्सचं पाकीट उघडलं. आत आणखी पाकिटं होती आणि त्यांच्या मधोमध एकावर लिहिलं होतं, गेम्स.

"सापळा!" मी ओरडलो. "कोणताही गुन्हेगार दारावर स्वतःचं नाव लावून बसत नाही."

"साहेब," सुखराम म्हणाला, "तो गुन्हेगार नाही. खेळ हाये. ज्यानं ठेवला, त्यानं जिथं ठेवाचा तिथंच ठेवला."

आत पाच खेळ होते. अंजनाने एकेक करून चार उडवले, कचऱ्याचा डबा रिकामा केला आणि श्वास रोखून यादी सेव्ह केली. झाली. तीन हजार आठशे बाराच्या बारा. तिने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं आणि खुर्चीतच हसू लागली, मग थोडी रडली. सुखराम बाहेर जाऊन उगाच आभाळ पाहत उभा राहिला.

पाचवा, मोटारींचा खेळ मी उडवू दिला नाही. मुद्देमाल जप्त केल्यावर त्याची तपासणी करावी लागते. अंजना सगळ्यांसाठी चहा सांगायला गेली आणि मी तपासणीला बसलो.

तपासणी अवघड निघाली. गाडी सारखी झाडावर जायची. एका वळणावर तर मी गाडीबरोबर स्वतःही कलंडलो. पण पाचव्या खेपेला मला सूर सापडला. पुढे एक हिरवी गाडी होती. ती मागे टाकायचीच म्हणून मी तोंडाने आवाज काढत होतो असं सुखराम सांगतो. मला ते मान्य नाही. एवढं खरं की कोणी आत आलेलं मला कळलं नाही.

"व्वा!" मागून भोजराजभाऊंचा आवाज आला.

मी वळलो. भोजराजभाऊ, कमिटीचे चार जण आणि पिशवी घेतलेला गोंदियाचा मेकॅनिक रांगेत उभे होते. त्यांच्यामागे चहाची किटली घेऊन अंजना. पडद्यावर माझी गाडी झाडावर आदळली.

मेकॅनिकने दोन मिनिटं संगणक पाहिला. "इसमें तो जगह ही जगह है. मेरे को किसलिए बुलाया?" त्याने किटलीतला चहा स्वतःच ओतून घेतला.

"मेकॅनिकचं राहू द्या," भोजराजभाऊ म्हणाले. "मले एवढं सांगा, मंगळवारी कोण खेळून राह्यलं होतं? यादी भरायचं सोडून खेळणाऱ्या माणसाले इथी जागा नाही."

मी सहज अंजनाकडे पाहिलं. तीन दिवस मी पडदा पाहिला, पाल पाहिली, माऊसची गोळी पाहिली. तिचा चेहरा पाहिलाच नव्हता. तो आता खाली गेला होता. किटली तिने टेबलावर ठेवली. तिने ओठ उघडले. "भाऊ, मंगळवारी..."

"मंगळवारी मीच होतो," मी म्हणालो.

"तुम्ही?"

"आत्ता डोळ्यांनी पाहिलंत ना? मग? मला व्यसन आहे."

भोजराजभाऊ सुखरामकडे वळले. "खरं व्हय काय?"

मंगळवारी दिवसभर मी आणि सुखराम तिरोडीला त्याच्या मेहुण्याच्या घरी होतो. सुखरामने कानावरची बिडी काढली, निरखून पाहिली आणि म्हणाला, "हौ. साहेबच होते. मी लय समजावलं, ऐकतच नाहीत."

कमिटीने एकमताने दोन ठराव केले. अंजनाची नोकरी पक्की आणि बंडोपंत टेंभेकरांना सहा महिने वाचनालयात येण्यास मनाई. दुसऱ्या ठरावावर टाळ्या जास्त पडल्या, असं सुखरामचं निरीक्षण आहे.

संध्याकाळी अंजना माझ्या घरी आली. दोन पुस्तकं आणली होती. ती ओट्यावर बसली.

"काका, त्या दिवशी तीन हजार आठशेवं पुस्तक भरून झालं होतं. डोळे दुखून राह्यले होते. म्हटलं, पाच मिनिटं. तेवढ्यात खिडकीत भाऊ." मग तिने विचारलं, "तुम्हाले कसं समजलं, मीच होती म्हणून? कायच्यावरून ओळखलं?"

"ते गुप्त असतं," मी म्हणालो.

ती हसली. जाताना फाटकाशी वळली. "काका, तुमची गाडी कितवी आलती?"

"सहावी."

"गाड्याच सहा असतात जी," ती म्हणाली. "मी दुसरी आलती."