भिंतीचा शेवटचा तास

धम्मपालनं भिंतीसमोर कॅमेरा लावला, सुरू केला आणि घरच्यांना बजावलं, "तासभर इथं कुणी फिरकायचं नाही." मग तो स्वतःही चौकात चहा प्यायला निघून गेला. चित्रपटात दिग्दर्शकाची चाहूलसुद्धा लागू नये, असं त्याचं ठाम मत होतं.

त्याची मतं अशीच असत. चित्रकला शिकताना तो कॅनव्हासवर अख्खं गाव काढायचा. पुढं गावाचं एक घर झालं, घराची एक रेघ झाली आणि शेवटी रेघही गेली. कॅनव्हास कोरा झाल्यावर तो चित्रपटांकडे वळला. पहिल्या चित्रपटात अर्धा तास एक बंद दार होतं. आई कस्तुराबाईंनी तो कौतुकानं पाहिला आणि संपल्यावर विचारलं, "आत कुणी नव्हतं का रे?"

नवा चित्रपट पुढच्या खोलीतल्या ओलीचा होता. वर्षभर रोज एक मिनिट त्यानं ती ओल पसरताना आणि वाळताना टिपली होती. आज शेवटचा सलग तास घ्यायचा आणि संध्याकाळच्या आत सगळं पुण्याच्या एका महोत्सवाला पाठवायचं. आधीचे तीन चित्रपट परत आले होते. हाही आला, तर चाकणला कंपनीत नोकरी धरायची, असं त्यानं वडिलांना कबूल केलं होतं.

चहा पिऊन तो परतला, तर ओल गायब. भिंतभर पांढरा रंग होता आणि वडील विलासराव रोलर धूत होते. गाड्यांना रंग मारण्यात त्यांची कंपनीत बत्तीस वर्षं गेली होती.

"पप्पा, हे काय केलं?"

"अरे, पिक्चर चारचौघांत जाणार म्हणतोस. लोकांना काय घराची ओल दाखवायची? खरवडली, पॉलिश पेपर मारला, रंग दिला. तासात बसवलं बघ."

"कुणी फिरकायचं नाही म्हटलं होतं ना?"

"मी कुठं फिरकलो? मी काम केलं."

धम्मपालनं कॅमेरा बंद केला आणि कपाळाला हात लावून बसला. निदान किती वाया गेलं ते बघावं, म्हणून त्यानं चित्रण लावलं. वडील आले, बाह्या दुमडल्या, भिंतीवरून तळहात फिरवला. मग एक डोळा मिटून, मान तिरकी करून दोन पावलं मागं सरकले. कॅनव्हाससमोर धम्मपाल अगदी असाच उभा राहायचा. लहानपणापासून त्यानं वडिलांना शिफ्टला जाताना पाहिलं होतं आणि शिफ्टवरून येऊन झोपलेलं पाहिलं होतं. काम करताना तो त्यांना आज प्रथमच पाहत होता. एक सेकंदही न कापता त्यानं तो तास जोडला आणि चित्रपट पाठवून दिला.

चित्रपट निवडला गेला आणि चाकण टळलं. महोत्सवात लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. पहिल्या रांगेत इस्त्रीच्या शर्टातले विलासराव मात्र गंभीर होते. एका जाणकार बाईंनी विचारलं, "शेवटी भिंतीवर रोलरचे पट्टे दिसत राहतात. त्या अपुरेपणातून दिग्दर्शकाला काय सुचवायचंय?"

धम्मपाल घसा खाकरतोय तोवर विलासरावांनी माइक घेतला.

"काही सुचवायचं नाही, ताई. तो पहिला हात होता. दुसरा मी दुपारी मारला, पण तोवर यानं कॅमेरा बंद करून ठेवला. विश्वास नसेल तर मोशीला आमच्या घरी या, हात फिरवून बघा."

पुढच्या रविवारी खरंच चौदा जण आले. विलासरावांनी प्रत्येकाला आधी हात धुवायला लावले.