भोईरभाऊंची पोच

मुलीच्या बारशाचं आमंत्रण द्यायला गेलो, तर भोईरभाऊंनी कार्डावर 'मिळाले' असा शिक्का मारला, तारीख टाकली, वेळ टाकली, आवक क्रमांक टाकला आणि कार्डाची झेरॉक्स माझ्या हातात ठेवली. "ही तुमची पोच. मी आलो नाय तर दाखवायला." आले मात्र सगळ्यांच्या आधी. बाळाच्या पायात चांदीचे वाळे घातले आणि माझ्या बायकोची सही घेऊन मगच जेवायला बसले.

कल्याणात, मोहन्याच्या अलीकडे, एका इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर आमचं बी.एड. कॉलेज आहे. मी तिथे मानसशास्त्र शिकवतो, म्हणजे शिकवायचो. सध्या कोर्ट काय म्हणतं त्याची वाट बघतो. भाऊ आमचे हेडक्लार्क. मूळचे इथलेच. त्यांच्या भाताच्या शेतांवर आता टॉवर उभे आहेत, त्यामुळे नोकरीची गरज अशी काही नाही. पण सफारीला कडक इस्त्री करून साडेनऊला हजर. शिपायाला पेन दिलं तरी सही, चहावाल्याला रिकामे ग्लास परत केले तरी सही. कुणी कुरकुरलं की एकच वाक्य: "सही कर, मग बोल." घरी दळण आणून दिल्याची सही करून करून वहिनी म्हणे कंटाळल्या होत्या.

हे वेड लागलं आमची केस सुरू झाल्यापासून. संलग्नता चालू ठेवण्याचा प्रस्ताव मुदतीत आलाच नाही, असं विद्यापीठाचं म्हणणं. वेळेवर दिलाय, असं कॉलेजचं. या भांडणात परीक्षा देऊन बसलेल्या चाळीस मुलींचे निकाल अडकले. दोन वर्षं नुसत्या तारखा पडत होत्या. पुढची तारीख मिळाली की आमच्या वकीलसाहेबांना केस जिंकल्याइतका आनंद व्हायचा. भाऊ दर तारखेला फायलींच्या दोन पिशव्या कोर्टात न्यायचे आणि तशाच परत आणायचे.

स्टाफरूममध्ये आम्ही विद्यापीठाच्या नावाने मनसोक्त बोटं मोडायचो. भाऊ त्यात कधीच सामील झाले नाहीत. आणि वनिता आली की ते गायबच व्हायचे. वनिता त्या चाळिसांतली एक. हातात निकाल नाही म्हणून डोंबिवलीत साड्यांच्या दुकानात काम करायची आणि दर सोमवारी चौकशीला यायची. शिक्षक भरतीची तिची वयोमर्यादा संपत आली होती. जिन्यात तिची चाहूल लागली की भाऊ नकाशांच्या खोलीत शिरायचे. एकदा आफ्रिकेच्या खालून त्यांचे बूट दिसत होते. आम्ही हसलो; माणूस तुसडा आहे एवढंच आम्हाला वाटायचं.

शेवटी वकिलांनी प्रस्तावाची शिक्का मारलेली प्रत मागितली. ती नव्हतीच. वकील म्हणाले, "पुरात गेली असं लिहून द्या. नदी जवळच आहे." आमचे संचालक लगेच खूश. भाऊ म्हणाले, "साहेब, आपलं ऑफिस दुसऱ्या माळ्यावर हाय. तिथवर पाणी चढलं तर केस लढवायला कल्याणात कोण उरंल?"

मग खाली मान घालून त्यांनी सगळं सांगून टाकलं. प्रस्ताव द्यायला ते विद्यापीठात गेले त्या दिवशी कोलशेतला भाच्याची हळद होती. त्यांच्यात हळद म्हणजे लग्नाहून मोठा सोहळा, आणि मामा उशिरा पोचला तर बहीण जन्मभर ऐकवते. खिडकीवरचा माणूस जेवायला उठलेला. शेजारचा म्हणाला, ठेवून जा काका. भाऊ पोच न घेताच ठेवून निघाले. "चाळीस पोरींचं नशीब टेबलावर टाकलं न् मी हळदीला नाचाया गेलो," ते म्हणाले.

हेच त्यांनी प्रतिज्ञापत्रात लिहिलं. वकिलांनी कपाळाला हात लावला. कोर्टाने मात्र कारकुनाच्या चुकीची शिक्षा मुलींना नको म्हणत निकाल जाहीर करायला लावले. कॉलेजची संलग्नता अजून लटकतेच आहे. संस्थेने भाऊंना निवृत्तीला तीन महिने उरले असताना निलंबित केलं.

गुणपत्रिकांचं वाटप सुरू झालं. चौथ्या दिवशी वनिता आली. कोर्टाचा आदेश तिने वाचला होता, आणि भरतीचं वय महिन्यापूर्वीच उलटून गेलं होतं. तिला सोडायला मी खाली उतरलो, तर समोरच्या टपरीच्या बाकड्यावर भाऊ बसलेले.

"भाऊ, तुम्ही इथे?"

"चार दिस झाले, रोज येतो. मला काढलंय ते घरी सांगितलं नाय." मग वनिताकडे बघून म्हणाले, "एकोणचाळीस जणी येऊन गेल्या. तू राहिलेली."

"माझं वय गेलं, भाऊ."

"ठाऊक हाय. माझ्यामुळं गेलं."

आता ही त्यांना फाडून खाणार असं मला वाटलं, आणि खरं सांगतो, खावं असंही वाटलं. तिने गुणपत्रिका पर्समध्ये नीट ठेवली. तिचे डोळे भरून आले होते.

"उठा," ती म्हणाली. "घरी चला, मी सोबत येते. पण वहिनींना खरं काय ते तुम्ही सांगायचं. मी नुसती बाजूला उभी राहणार."

धडपडलेल्या मुलाशी बाईंनी बोलावं तसं ती बोलली. भाऊ निमूट उठले आणि तिच्या मागून चालू लागले.