सखारामभाऊंचं अर्धं वाक्य

आमच्या गल्लीच्या टोकाला राहणारे सखारामभाऊ बोलता बोलता शब्द अर्धा टाकून निघून जातात आणि पाव तासाने परत येऊन, तो जिथे तुटला तिथूनच पुढे सुरू करतात.

मला याचा पहिला अनुभव बागेत आला. मी अबोलीच्या वाफ्यात वाकले होते. कुंपणापलीकडून सखारामभाऊ हलक्या आवाजात म्हणाले, "बाई, हलू नका. तुमच्या उजव्या पा—" आणि गेले. त्यांच्या अंगणातून घंटेचे तीन टोल ऐकू आले, मग सगळं शांत. 'पा' म्हणजे पाय, एवढं मला कळलं होतं. पायाचं पुढे काय, हे कळायला पंधरा मिनिटं लागली. तोपर्यंत मी वाकलेलीच. मग ते सावकाश परत आले आणि म्हणाले, "—याकडं धामन हाय." थोडं वाकून पाहिलं. "हुती. गेली जनू."

मुलांनो, तुमच्या आजीने जन्मभर शाळेत इंग्रजी शिकवलं. वाक्य अपुरं ठेवणाऱ्यांना मी बाकावर उभं केलेलं आहे. त्यामुळे त्या दिवशी कंबर शेकता शेकता मी ठरवलं, की या माणसाला जाब विचारायचा. विचारला. तेव्हापासून आमची मैत्री आहे.

सखारामभाऊ मूळचे आंदर मावळातले. गुरं राखणाऱ्या घरातले. तरुणपणी दिवसातून एकदा येणारी एस.टी. चुकली म्हणून चालत निघाले आणि लोणावळ्याबाहेरच्या टेकडीवर एका ख्रिस्ती मठाच्या फाटकापाशी पाणी प्यायला थांबले. आत एक गाय अडली होती, आणि तिच्याभोवती पाच ब्रदर पांढरे झगे घालून प्रार्थना करत उभे होते. सखारामभाऊंनी बाह्या सरसावल्या, वासरू बाहेर काढलं आणि त्यांना म्हणाले, "आता म्हना काय म्हनायचं ते." त्या दिवसापासून गोठा त्यांच्याकडे आला. तो मठ मिटेपर्यंत, म्हणजे अख्खा जन्म, ते तिथेच कामाला राहिले. धर्म बदलला नाही. गळ्यात तुळशीची माळ होती, ती आजही आहे. "पावना म्हनून गेलतो. पावन्यानं जेवावं, घराचे वासे मोजू न्हाईत," एवढंच ते त्याबद्दल सांगतात.

घंटा झाली की बोलणं सोडून पाव तास गप्प बसायचं, ही मठातली सवय; तिचा खुलासा त्यांनी मला असा केला. "त्यांच्या मुलखात पयलं पुस्तकं हातानं लिवायची. मठातली मान्सं लिवीत बसायची. घंटा झाली की बोरू खाली. 'क'चं पोट काढलं आन घंटा झाली, तर शेपटी तशीच ऱ्हायली पायजे. परत आल्यावर काढायची."

"आणि समजा, विसरलं पुढचं?"

"'क'ची शेपटी कोन इसरंल, बाई?"



आता थोडं माझ्याबद्दल, कारण त्याशिवाय पुढचं कळणार नाही. बी.ए.ला मी तत्त्वज्ञान घेतलं होतं. पाश्चात्त्य गूढवाद्यांवर मी दहा मार्कांचं उत्तर पाठ केलं होतं: आधी शुद्धी, मग प्रकाश, मग ईश्वराशी मीलन. मला वाटायचं, ही माणसं आभाळातून पडली असावीत. कुणाला उजेड दिसला, कुणाला आवाज आला, आणि त्यांनी ते लिहून ठेवलं. ती माणसं सकाळी उठून काय करत होती, त्यांचं जेवण कोण रांधत होतं, हे कुठल्याच प्राध्यापकांनी सांगितलं नाही.

ते मला सखारामभाऊंनी सांगितलं. मी मोठ्या ऐटीत त्यांना त्या तीन पायऱ्या ऐकवल्या, तर ते म्हणाले, "व्हय. धार काढायची रीतच हाय की ती."

"कशी?"

"आदी गोठा झाडायचा. मग कंदील लावायचा. मग गाईच्या कुशीला डोकं टेकून गप बसायचं. मधली पायरी गाळून कुनाला दूध मिळालंय?"

मी त्या उत्तराला दहापैकी दहा दिले असते. माझ्या उत्तराला सहा मिळाले होते.

त्यांचा लाडका शब्द 'रवंथ'. ब्रदर लोक रोज पुस्तकातली एकच ओळ घेत आणि दिवसभर तोंडातल्या तोंडात घोळवत. या प्रकाराला त्यांच्या जुन्या भाषेत जो शब्द आहे त्याचा अर्थ अगदी हाच, रवंथ. याची मी नंतर पुस्तकात पाहून खात्री केली, कारण माझा स्वभाव तसा. सखारामभाऊंना मात्र खात्रीची गरज नव्हती. "गाय भराभरा खाती ते पोटात जातं, पन आंगी लागत न्हाई. सावलीत बसून परत वर आनती तवा आंगी लागतं. तुमी बाई लय खाल्लंय. बसलाय कुटं?"

माझ्या पुस्तकांच्या चार कपाटांकडे पाहून हे बोलण्याची हिंमत आजवर कुणी केली नव्हती.

मठातल्या दुपारच्या भुताची गोष्टही त्यांचीच. फार फार वर्षांपूर्वी मिसरच्या, म्हणजे इजिप्तच्या, वाळवंटात जे पहिले जोगी एकेकटे राहायचे, त्यांना भर दुपारी एक भूत छळायचं. ते भूत दात विचकत नसे. ते फक्त कानात म्हणे, की दिवस किती लांबलाय बघ, सूर्य हलतच नाही, इथे तुझं काही खरं नाही, दुसऱ्या गावाला जा. एकेकट्याला ते भूत आवरेना, म्हणून माणसं एकत्र राहू लागली, घंटा आली, कामाची आणि प्रार्थनेची वेळ ठरली, आणि एकदा आलेल्या जागेवरून हलायचं नाही असा नियम झाला. पुढे त्या परंपरेतल्या मोठमोठ्या संतांनी देवाबद्दल जे काही लिहिलं, ते या घंटांच्या मधल्या जागेत बसून लिहिलं. हे वाक्य माझं आहे. सखारामभाऊंचं असं: "आमच्या गावाला बी दुपारचं भूत हाय, वडाखाली. पन ते नुसतं धोंडे मारतं. ह्यांचं भूत लय वंगाळ. शेन काढाया लागलं की जातं मात्र."

मी एकदा विचारलं, "एवढ्या वर्षांत ब्रदरांपैकी कुणाला काही दिसलं का हो? देव, उजेड, काहीतरी?"

"एकाला दिसलं. कोवळा हुता, नवा आलता. पळत थॉमस बरदरकडं गेला, म्हनला, मला उजेड दिसला. बरदर म्हनले, बरं झालं, त्या उजेडात पातेली घासून घे."

हे ब्रदर थॉमस म्हणजे सखारामभाऊंच्या प्रत्येक गोष्टीचा शेवट. ते केरळचे. मराठी शिकले ती गोठ्यात, सखारामभाऊंकडून, त्यामुळे ते पुण्याच्या धर्मगुरूंशीसुद्धा "न्हाई वो, आमी कुटं आलतो" असं बोलत. दोघांनी मिळून सहा गाई, एक विहीर आणि न बोलण्याचे कित्येक तास सांभाळले. पुढे ब्रदर म्हातारे झाले, नवे कुणी येईनात, आणि मठ मिटला. ब्रदर थॉमसना त्यांच्या लोकांच्या वृद्धाश्रमात केरळला नेलं. सखारामभाऊंच्या वाट्याला घंटा आली.

ती त्यांनी आपल्या पडवीच्या तुळईला टांगली आणि पहिल्याच आठवड्यात गल्ली पेटवली. शेजारचे चिक्कीवाले शेठ तावातावाने माझ्याकडे आले. "बाई, पहाटे तीनला घंटा! गिऱ्हाईक विचारतंय, इथे आग लागते का रोज?" मी मध्यस्थी केली. पहाटेची घंटा बंद झाली, बाकीच्या राहिल्या. आता शेठ दुकान त्याच घंटेवर उघडतात आणि वर म्हणतात, "फुकटात घड्याळ मिळालं." त्या घंटेचा भरवसाच तसा आहे. एकदा तिच्यात आणि माझ्या मनगटावरच्या किल्लीच्या घड्याळात चार मिनिटांचा फरक पडला. दुरुस्तीला घड्याळ गेलं.

सखारामभाऊ एकटे राहतात. बायको जाऊन पुष्कळ वर्षं झाली, मूलबाळ नाही. रिकाम्या घरात घंटा वाजवून हा माणूस कुणासाठी गप्प बसतो, हे मला कळत नव्हतं. यंदाच्या उन्हाळ्यात एकदा कैऱ्या चिरताना त्यांनी ते सहज सांगितलं.

मठ सोडायच्या आदल्या संध्याकाळी ब्रदर थॉमस गोठ्यात आले. गाई विकून झाल्या होत्या. रिकाम्या दावणीवर हात ठेवून ते म्हणाले, "सखाराम, इतकी वर्सं सांगायचं ऱ्हायलं. तू आमच्यातला—" आणि दिवसाची शेवटची घंटा झाली. त्या घंटेनंतर सकाळपर्यंत कुणी बोलायचं नाही, असा तिथला नियम. ब्रदर हात जोडून वळले. मौन सोडवणारी सकाळची घंटा व्हायच्या आधीच गाडी आली. दोघंही नियमाचे पक्के. काचेतून नुसते बघत राहिले.

"मग?"

"मग काय. 'आमच्यातला' इतकंच हाय माझ्याकडं. पुढं 'च' लावला तर येगळं. 'न्हाईस' लावलं तर येगळं." त्यांनी कैरीची कोय बाजूला काढली. "जलमभर घंटा मी पाळली, बाई, पन बाहेरनं. आत त्यांच्या रांगंत कदी बसलो न्हाई. कुनी बस म्हनलं न्हाई, मी बी इचारलं न्हाई. तवा दोनी बी बसतंय त्या वाक्याला."

"आणि इतकी वर्षं तुम्ही याचाच—"

"रवंथ. व्हय."

मला हे सहन होण्यासारखं नव्हतं. इंग्रजीत नकार सुरुवातीलाच येतो, माणूस निदान लवकर मोकळा होतो. आपल्या भाषेत तो शेवटाला येतो आणि हा माणूस त्या शेवटाच्या दाराशी बसून राहिला होता. मी गावातल्या चर्चमध्ये गेले, वृद्धाश्रमाचा फोन नंबर मिळवला, तिथल्या सिस्टरशी इंग्रजीत बोलून मंगळवारी संध्याकाळी साडेपाचची वेळ ठरवली. सखारामभाऊंना सांगितलं तेव्हा त्यांनी आधी घंटेकडे पाहिलं. मग म्हणाले, "हितं पडवीतच करू. घंटंजवळ."

मंगळवारी ते इस्त्रीचा सदरा घालून, दाढी करून बसले होते. मी स्टुलावर फोन ठेवला आणि आवाज मोठा केला. थोडा वेळ लागला, पण शेवटी पलीकडून पातळ, खणखणीत आवाज आला. "कोन? सखाराम? अरं, लावनी झाली का?"

"अजून न्हाई, बरदर. तब्येत?"

"काय?"

"तब्येत!"

"तांबडी गाय कशी हाय?"

"ती मेली की, बरदर. लय दिस झालं."

"बरं बरं. दूध देती का?"

"देती," सखारामभाऊ म्हणाले.

असं वीसेक मिनिटं चाललं. विहीर, फणस, अडलेली गाय, पाच झगे. सखारामभाऊ हसत होते, डोळे पुसत होते, पण त्या वाक्यापाशी काही जात नव्हते. शेवटी माझ्यातली शाळेची बाई जागी झाली. मी फोनकडे वाकून मोठ्याने म्हणाले, "ब्रदर, तुम्ही निघताना एक वाक्य अर्धं राहिलं होतं. 'तू आमच्यातला' एवढंच म्हणालात."

सखारामभाऊ एकदम ताठ झाले.

 पलीकडून आवाज आला, मघापेक्षा हळू, पण स्वच्छ. "व्हय. गोठ्यात. घंटा झाली. आठवतंय की मला." ब्रदरांनी घसा साफ केला. "सखाराम, तू आमच्यातला—"

टण्.

मी दचकून वर पाहिलं. सखारामभाऊ उभे होते, दोरी त्यांच्या हातात होती. त्यांनी दुसरा टोल दिला, तिसरा दिला, आणि खाली बसून डोळे मिटले. फोनमधूनही आवाज थांबला होता. ब्रदर थॉमस तिकडे, सहा-सातशे मैलांवर, शब्द जिथे तुटला तिथे थांबले होते. फक्त त्यांचा श्वास ऐकू येत होता. मग सिस्टरने फोन घेतला, म्हणाली, ब्रदरांनी डोळे मिटलेत, आता बोलणार नाहीत. पुढच्या मंगळवारी कराल का?

मला राग आला होता. मी तो गिळला आणि सवयीने मनगटावर नजर टाकली. संध्याकाळची घंटा सहाची. माझ्या घड्याळात सहाला सात मिनिटं कमी होती. स्टुलावरच्या फोनवरही तेच आकडे होते.

ज्या माणसाची घंटा जन्मात एका मिनिटाने चुकली नव्हती, तो माझ्यासमोर डोळे मिटून बसला होता.  मी पंधरा मिनिटं तशीच बसून राहिले. मला वाटतं, आयुष्यात पहिल्यांदाच मी नुसती बसले.

त्यांनी डोळे उघडले तेव्हा मी घड्याळ मनगटावरून काढलं होतं. ते त्यांनी पाहिलं. मग ते अंगणाकडे बघत म्हणाले, "पुढल्या मंगळवारी इचारू म्हनं."

"विचारू की. घाई काय आहे?"

"किती वाजलं, बाई?"

"माझं घड्याळ मागे पडलंय," मी म्हणाले, आणि किल्ली ओढून काटे सात मिनिटं पुढे केले.

तेव्हापासून ते तसंच आहे. तुम्हाला माझा रविवारचा फोन सात मिनिटं आधी येतो, तो त्यामुळे.