कावेरीतलं बेट आणि सेतुराव

सेतुरावांना पत्ता विचारला की ते आधी विचारतात, "आत्तांचा पाहिजे कीं संध्याकाळचा?"

मी बँकेच्या बदलीवर तंजावूरला नवीन आले होते. राजवाड्यामागच्या गल्लीत त्यांच्या माडीवर भाड्याने राहायचे. मोगऱ्याचे गजरे कुठे मिळतील, एवढंच विचारलं होतं. मराठी माणूस आहे, सरळ उत्तर देईल अशी माझी भाबडी समजूत. त्यांनी तिण्णैवर, म्हणजे दारापुढच्या ओट्यावर, एक कागद पसरला. "सकाळीं ती बाई देवळाकडे बसते. ऊन चढलें कीं सावलीमागें सरकते. आतां ह्या वेळीं इथें." बोट ठेवलं होतं तिथे गेले, तर बाई खरंच तिथे होती.

सरकारी खात्यात जमिनी मोजून निवृत्त झालेला हा गृहस्थ. किडकिडीत अंग, कमरेला लुंगीसारखी पांढरी वेष्टी, कानावर पेन्सिल. निवृत्तीनंतर माणसं नातवंडं खेळवतात, यांनी संघ काढला. "जमीन जागची हलत नाहीं. तिचा नकाशा कोणीही काढील. जें हलतें त्याचा काढा," असं त्यांचं म्हणणं. म्हणून 'चलप्रदेश मापक संघम्'. अध्यक्ष ते, वाहनप्रमुख आरोक्यम नावाचा रिक्षावाला आणि चिटणीस मी, कारण माझं अक्षर बरं आणि मला नाही म्हणता येत नाही. ते मला मॅनेजरम्मा म्हणतात. मी मॅनेजर नाही, हे सांगायचं मी आता सोडून दिलं आहे.

संघाने मोजलेले प्रदेश ऐकाल तर हसाल. उन्हाळ्यातल्या सावल्यांचा प्रांत, पावसाळ्यातल्या डबक्यांचे परगणे, कापी, म्हणजे कॉफी, भाजल्याचा वास पोचतो ती सरहद्द. गल्लीतल्या कुत्र्यांची राज्येही आम्ही आखली. काळ्या कुत्र्याची हद्द मी घरी बसून अंदाजाने काढली, तर दुसऱ्या दिवशी सेतुरावांनी मला सोबत नेऊन तो कुत्रा कुठल्या खांबापासून भुंकतो ते दाखवलं. मी एक खांब चुकले होते. "अंदाज म्हणजे आळशाची मोजणी," ते म्हणाले. कुत्रा अजून माझ्यावर राग धरून आहे.

पण संघाची मोठी मोहीम निघते ती उन्हाळ्याच्या अखेरीस, धरणाचं पाणी यायच्या आधी, तिरुवैयारूजवळ कावेरीच्या पात्रात. नदी दरवर्षी वाळू इकडची तिकडे करते आणि सेतुराव बांबू खुपसत तिची बेटं मोजतात. "वाळूच्या बेटांची चौकशी करतो कोण?" असं मी रिक्षात पुटपुटले, तेव्हा आरोक्यमने मला सगळं सांगितलं.

पलीकडे तिरुवैयारूत रावांचे थोरले भाऊ राहतात. पोरांना व्हायोलिन शिकवतात. पूर्वी घराच्या वाटण्या झाल्या तेव्हा मोजणी अर्थात रावांनी काथ्याच्या दोरीने केली आणि हद्दीवरचा नारळ त्यांच्याच वाट्याला आला. थोरले सगळ्या भाऊबंदांसमोर म्हणाले, "काथ्याची दोरी भिजून आखडली आहे. तुझी मोजणी खोटी." राव नारळ द्यायला तयार होते, मोजणी खोटी म्हणवून घ्यायला नव्हते. शब्दाने शब्द वाढला, थोरले नदीपलीकडे राहायला गेले आणि दोघांनी शपथ घेतली की एकमेकांच्या काठाला पाय लावायचा नाही. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तसं ते चाललं आहे. दोघांच्या बायका गेल्या, मुलं परदेशी. घरात बोलायला माणूस नाही, पण शपथ आहे.

बेट मात्र कोणाच्याच काठाचं नसतं. चारी बाजूंनी पाणी असलं की दोघांनी तिथे यायचं, दहीभात खायचा, असा त्यांचा न बोलता ठरलेला कायदा. एका वर्षी बेट झालंच नाही. दोघे आपापल्या काठावरून परत गेले आणि राव कितीतरी दिवस कोणाशी धड बोलले नाहीत म्हणे. यंदा थोरले घसरून पडले होते. पुढच्या उन्हाळ्यात ते नदीवर येऊ शकतील असं कोणी म्हणत नव्हतं.

हे ऐकल्यावर मीही बेट शोधू लागले.

पात्रात मधोमध वाळूचा छान उंचवटा होता. पलीकडून त्याला पाण्याचा उथळ ओहोळ होता आणि ओहोळाच्या काठावर थोरले काठी टेकून, एका विद्यार्थिनीच्या खांद्याला धरून उभे होते. आमच्या बाजूने राव बांबू खुपसत निघाले. बांबू कोरडा निघाला. पुढे खुपसला, कोरडा. उंचवटा सरळ आमच्या काठाला चिकटलेला होता. तेवढ्यात एक शेळी आमच्या देखत इकडून तिकडे चालत गेली, खूरसुद्धा न भिजवता.

मी नकाशाची पाटी धरून उभी होते. काय लिहायचं ते विचारायचा धीर होईना.

"बेट झालें आहे का रे?" पलीकडून हाक आली.

रावांनी चपला काढून हातात घेतल्या, वेष्टी गुडघ्यापर्यंत वर खोचली आणि त्या कोरड्या वाळूवरून एकेक पाय उंच उचलत, बांबूने खोली बघत, अगदी जपून चालू लागले.

"आहे, अण्णा," चालता चालता ते म्हणाले. "गुडघाभर पाणी आहे इकडून."

ज्या माणसाने मला एका खांबासाठी उन्हात फिरवलं, तो हे बोलत होता. मी निळी पेन्सिल घेतली आणि जिथून शेळी चालत गेली होती तिथे नदी काढली.

थोरल्यांनी कपाळावर हात धरून बराच वेळ पाहिलं. त्यांची नजर चांगली आहे, हे मला नंतर कळलं. त्यांनी काठी पुढे टेकली, आपल्या बाजूच्या खऱ्या पाण्यात पाय घातला आणि धाकट्याला ओरडून सांगितलं, "हळू ये रे. पाण्याला ओढ आहे."