मालतीताईंचं सतराशे पंचावन्न

मालतीताई मेश्राम म्युझियममध्ये डोळे मिटून चालतात. दृष्टी उत्तम आहे. चौऱ्याहत्तराव्या वर्षी चष्म्याशिवाय सुईत दोरा ओवतात. पण त्यांना फक्त सतराशे पंचावन्न सालची चित्रं पाहायची असतात आणि तिथवर पोचेपर्यंत वाटेत भलत्याच सालांची चित्रं लागतात. मग त्या माझा दंड धरतात, डोळे मिटतात आणि म्हणतात, "चल. आली की सांग."

बर्मिंगहॅमला आम्ही शेजारी, भिंतीला भिंत लागून. मी पुण्याची, वर्क व्हिसावर आलेली. त्या मूळच्या भंडाऱ्याकडच्या. नागपूरला नर्सिंग केलं, इथे आल्या आणि सरकारी हॉस्पिटलात सिस्टर म्हणून रिटायर झाल्या. लग्न केलं नाही. मी राहायला आले त्या आठवड्यात कचऱ्याचा बिन कुठल्या दिवशी बाहेर ठेवायचा हे विचारायला त्यांच्याकडे गेले. त्यांनी बिनचं सांगितलं, चहा दिला आणि विचारलं, "तुझं साल कोणतं?"

मी जन्मसाल सांगितलं.

"ते नाही गं. चित्रांतलं."

म्हटलं, मला चित्रांतलं काही कळत नाही.

"मलाही नाही. मला एका सालातलं कळते."

मग त्यांनी हिशेब समजावला. सगळी कला शिकायची तर सात जन्म लागतील. "आपण पडलो बौद्ध, पुढच्या जन्माचा भरवसा नाही. म्हणून एकच साल घेतलं आन् पक्कं केलं."

पक्कं म्हणजे किती पक्कं, हे मला हळूहळू कळत गेलं. त्या वर्षी पॅरिसमध्ये कुठल्या गुलाबी रंगाची चलती होती, पावडर लावलेल्या केसांत फुलं कुठे खोवत, झग्याच्या बाहीला झालरीचे थर किती, सगळं तोंडपाठ. त्यासाठी रात्रपाळ्या सांभाळून त्या फ्रेंच शिकल्या. त्यांचं फ्रेंच ऐकताना पॅरिसची सीन नदी भंडाऱ्याच्या वैनगंगेला मिळाल्यासारखी वाटते.

चित्रांतल्या माणसांना त्या पेशंटसारखं तपासतात. "ही लाली नाही, ताप आहे." "हिचा थायरॉइड पाहा." गुबगुबीत देवदूतांना त्या वजनकाट्यावर ठेवायच्या नजरेनेच बघतात.

एकदा लायब्ररीत त्या काळच्या नटव्या फ्रेंच शैलीवर, रोकोकोवर, व्याख्यान होतं. मालतीताईंनी हात वर करून एक शंका विचारली. उत्तर देता देता प्राध्यापकच प्रश्न विचारायला लागले. दहाव्या मिनिटाला ते समोरच्या खुर्चीत बसून लिहून घेत होते आणि ताई बोलत होत्या. मी मागच्या रांगेत थक्क. शेवटी कुणीतरी पुढच्या वर्षाबद्दल, सतराशे छप्पन्नबद्दल विचारलं. ताई पर्स उचलत म्हणाल्या, "ते नाही माहीत. मी डिसेंबरात उतरते."

आमच्या म्युझियममध्ये त्यांच्या सालचं एकच चित्र होतं. रंगीत खडूने काढलेलं, उजेडाने विटू नये म्हणून मंद प्रकाशाच्या एका छोट्या खोलीत ठेवलेलं. रोकोकोत असतात तसे गुलाब नाहीत, रिबिनी नाहीत. मांडीवर उशी घेऊन लेस विणणारी एक बाई, मान खाली. चितारी अज्ञात, बाई अज्ञात. ताई दर गुरुवारी तिच्यासमोर अर्धा तास उभ्या राहत. त्या अर्ध्या तासात रोगनिदान नाही, फ्रेंच नाही. मी एकदा विचारलं, "हीच का एवढी आवडते?" तर म्हणाल्या, "पाहू दे जरा."

या मार्चमध्ये त्यांच्या गुडघ्याच्या ऑपरेशननंतर आम्ही पहिल्यांदाच गेलो. बसमधून उतरलो, त्यांनी नेहमीसारखे डोळे मिटले, नेहमीसारखं मी त्यांना नेलं. खोलीत शिरलो आणि माझी नजर चित्राखालच्या पाटीवर गेली. पाटी नवी होती. त्यावर लिहिलं होतं, 'अंदाजे सतराशे एकसष्ट'.

माझ्या दंडावर त्यांचा हात. डोळे मिटलेले.

"आली?"

काय सांगणार? इतकी वर्षं या एका सालासाठी ज्यांनी बाकी सगळ्या जगाकडे पाठ केली, त्यांना मी सांगू की ही तुमच्या सालची नाहीच?

"आली," म्हटलं.

त्यांनी डोळे उघडले. आधी चित्र पाहिलं, मग पाटी वाचली. चेहऱ्यावर काहीच हललं नाही. हलले ती मीच. कोपऱ्यात एक तरुण क्युरेटर बाई मोजमापं घेत होती, तिच्याशी मी जवळजवळ भांडायलाच गेले. असं कसं साल बदलता? ती बिचारी शांतपणे सांगायला लागली की गेल्या वर्षी चित्र तपासताना टोपीकडे लक्ष गेलं आणि...

"दुसरी चुणी," मालतीताई इंग्रजीत म्हणाल्या. "पंचावन्नात एकाही बाईच्या टोपीला दुसरी चुणी नाही."

क्युरेटरच्या हातातली टेप खाली आली. "तुमच्या कधी लक्षात आलं?"

"अकरा वर्षं झाली."

"मग आम्हाला का नाही सांगितलंत?"

ताई नुसत्या हसल्या. ती पोरगी त्यांच्याकडे इतक्या आदराने बघत राहिली, की मला माझं भांडण आठवेना.

ती गेल्यावर आम्ही बाकावर बसलो. ताई म्हणाल्या, "माझी आई बिड्या वळायची. मांडीवर सूप, मान अशीच. तिचा एकही फोटो नाही. तिनं मला शिकवलं, इकडं धाडलं, आन् ती गेली तेव्हा मी इथं ड्युटीवर. तो पहिलाच हिवाळा. थंडी वाजते म्हणून या इमारतीत शिरले, तर ही बसलेली."

त्यांनी चित्राकडे बोट केलं.

"पाटीवर साल होतं. म्हटलं, हिच्या भोवती काय काय चाललं होतं ते तरी समजून घ्यावं. आईला कधी विचारलं नव्हतं."

"पण ताई, अकरा वर्षं ठाऊक होतं, तरी बोलला नाहीत?"

"अवं पोरी, आईचं वय कोणी चारचौघांत सांगते का?"

मी हसले. त्याही हसल्या आणि पदराने डोळे पुसले. मग घड्याळ बघून म्हणाल्या, "तुझी आई काय करत असंल आत्ता?"

अकरा वाजले होते. म्हणजे पुण्यात दुपारचे साडेचार. मला ठाऊक नव्हतं. मी फोन काढून तिला लावला.