डोरोथी की थिओडोरा?

मला काहीही विचारा. अगदी काहीही! मी ग्रंथालयाच्या संदर्भ विभागात अकरा वर्षं काढली आहेत. जिराफ झोपतो किती वेळ, शिवणयंत्र पहिल्यांदा कुणी काढलं, समुद्राचं पाणी खारट का, दहा मिनिटांत उत्तर हजर! माझ्या टेबलापुढून रिकाम्या हाताने परत गेलेला माणूस अजून जन्माला यायचाय.

त्यामुळे गुरुवारी सकाळी ताईचा फोन आला तेव्हा मी नुसता हसलो.

ताईला मुलगी झाली, तो आनंद आमच्या घरात चार दिवस टिकला. पाचव्या दिवशी नावाचा विषय निघाला.

"डोरोथी," आई म्हणाली. "माझ्या मावशीचं नाव. तिने वाढवलं म्हणून मी आज इथे बसलेय."

"थिओडोरा," ताईच्या सासूबाई, म्हणजे आमच्या काकू, म्हणाल्या. "माझ्या आईचं नाव. ठरलेलंच आहे ते."

"थिओडोरा?" आई म्हणाली. "दिवसातून दोनदा, जेवणानंतर घ्यायचं का विहीणबाई?"

"आणि डोरोथी ही हाक आहे की जांभई?"

झालं! त्या दिवसापासून ताईकडे पोरीला एक आजी उचलायची ती डोरोथी म्हणून, आणि दुसरी पाळण्यात ठेवायची ती थिओडोरा म्हणून. बिचारी दोघींकडे आळीपाळीने मान वळवून टेनिसच्या पंचासारखी दिसायला लागली होती. भाऊजींकडून काही आशा नव्हती. ते दातांचे डॉक्टर. समोरच्याने तोंड उघडलं की आपलं बंद ठेवायचं, ही त्यांची धंद्यातली सवय!

"अरे, रविवारी बाप्तिस्मा आहे," ताई फोनवर म्हणाली. "फादरांना उद्या संध्याकाळपर्यंत नाव कळवायचंय. काल काकूंनी चहा केला तर आई प्यायली नाही. आईने बाळाची टोपी विणली, ती काकूंनी धुवायला टाकली ती टाकलीच. मी नववीच्या गणिताच्या वर्गात साठ मुलांना गप्प बसवते रे, पण या दोघी मला आवरत नाहीत." आणि माझी ताई, जी गणिताचा पेपर फुटला तेव्हाही रडली नव्हती, ती फोनवर चक्क रडायला लागली.

"ताई, गप्प! सोड माझ्यावर! दोन्ही नावांचे अर्थ काढतो. एकाचा तरी वाईट निघेलच! अगं, राहेल म्हणजे मेंढी. उर्सुला म्हणजे अस्वलाचं पिल्लू! या दोघींतल्या एकीचं काहीतरी असंच निघणार. ज्याचा अर्थ वाईट, ते नाव बाद. भांडण संपलं!"

"नक्की?"

"दहा मिनिटं दे."

नावांचा जाडजूड कोश काढला. डोरोथी : मूळ ग्रीक. 'डोरॉन' म्हणजे देणगी, 'थिऑस' म्हणजे देव. देवाची देणगी. सुरुवातीच्या काळापासून ख्रिस्ती घरांत मुलींना ठेवलं जाणारं नाव.

छान! मग थिओडोरा नक्कीच मेंढी! मी पानं उलटत गेलो. थिओडोरा : मूळ ग्रीक. 'थिऑस' म्हणजे देव, 'डोरॉन' म्हणजे देणगी. देवाची—

मी खुर्चीतून उडालोच! तेच दोन डबे, फक्त इंजिन उलट्या टोकाला! दोन बायका तीन आठवडे एकाच नावासाठी एकमेकींशी भांडत होत्या! मी टाळी वाजवली. वाचणाऱ्या सगळ्यांनी माना वर केल्या. भिंतीवर 'शांतता राखा' अशी पाटी होती, आणि ती माझ्याच अक्षरात होती.

म्हणून मी तोंडावर हात धरून, कुजबुजत, पण भयंकर उत्साहात ताईला फोन लावला. आता मला काय माहीत, की ताई त्या वेळी बाळाला आंघोळ घालत होती, कपडे धुण्याचं यंत्र घरघरत होतं, फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला होता, आणि टेबलाच्या दोन बाजूंना दोन आज्या बसल्या होत्या?

मी म्हणालो, "ताई! दोन्ही एकच! एकाला उलटं केलं की दुसरं तयार! मधोमध तोडून तुकडे कर, म्हणजे कळेल!"

तिथे पोचलं ते असं : "ताई! दोघी एकच! एकीला उलटं केलं की दुसरी तयार! मधोमध तोडून तुकडे कर!"

पलीकडे नुसती घरघर. मग आईचा आवाज आला. तो अगदी शांत होता, आणि आईचा आवाज शांत झाला की आम्ही भावंडं लहानपणी पलंगाखाली जात असू.

"कुणाला उलटं करतोस रे?"

"आणि तुकडे आधी कुणाचे करायचेत," काकूंनी विचारलं, "माझे की तुझ्या आईचे? म्हणजे तयारीत बसायला बरं."

"अहो काकू, नावांचे! नावांचे!" मी ओरडलो.

"शुक!" असं अख्खं ग्रंथालय म्हणालं, आणि फोन तिकडून बंद झाला.

संध्याकाळी मी सुट्टीची वेळ होण्याआधीच ताईकडे निघालो. वाटेत एक बेताची टोपली घेतली, तीत लाल गुलाब आणि सफरचंदं भरली. कोशात डोरोथीच्या नावाखाली एक गोष्ट होती, तिच्यासाठी ही तयारी होती. भेट पाहून आई तरी विरघळेल असा माझा हिशेब.

दार भाऊजींनी उघडलं. "आत बसल्यात," एवढंच म्हणाले, आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. पेशंटला 'जरासं दुखेल' म्हणताना ठेवतात ना, तसा!

आत पाहतो तर आई आणि काकू एकाच सोफ्यावर! तीन आठवड्यांत पहिल्यांदा! मधे उशीसुद्धा नव्हती. दोघींची एकी झाली होती, फक्त ती माझ्याविरुद्ध झाली होती.

मी घाईघाईने खिशातून कार्डाचे चार तुकडे काढले आणि टेबलावर मांडले. "हे बघा. थिओ म्हणजे देव. डोरा म्हणजे देणगी. झालं काकूंचं नाव. आता हेच उलटं लावा. डोरो, थी. झालं आईचं! देवाची देणगी, देवाची देणगी! आपण एकच नाव मागतोय!"

दोघी वाकून पाहत राहिल्या. मी श्वास सोडला.

"म्हणजे," काकू म्हणाल्या, "यांनी आमचंच नाव उलटं करून घेतलंय."

"सुलटं तुमचंच कशावरून?" आई म्हणाली.

आणि मधे उशी आली!

ताई बाळाला खांद्यावर घेऊन दारात उभी होती. तिचे डोळे सुजले होते. तिने माझ्याकडे जे पाहिलं, ते पाहून मला वाटलं, आता काहीतरी करायलाच हवं. मी टोपली पुढे ओढली आणि भडाभडा गोष्ट सांगायला लागलो.

"ऐका! फार जुनी आख्यायिका आहे. डोरोथी नावाची मुलगी. ख्रिस्ती म्हणून तिला देहदंड दिला होता. सैनिक तिला घेऊन चाललेत, आणि वाटेत एक वकील टिंगल करतो, 'काय गं, जिथे चाललीस त्या बागेतली फळंफुलं मलाही पाठव हं!' ती म्हणते, 'पाठवते.' भर थंडीचे दिवस. झाडाला पान नाही. आणि ती जायच्या क्षणी एक लहानगं मूल टोपली घेऊन येतं. टोपलीत गुलाब आणि सफरचंदं! ती म्हणते, 'हे त्या वकिलांना द्या.' आणि तो वकील... तो तिथल्या तिथे बदलला! त्यानेही तीच वाट धरली."

मी आईकडे पाहिलं. आई डोळे मिटून ऐकत होती. पण हुंदका आला तो काकूंचा!

"माझ्या आईचं फुलांचं दुकान होतं," त्या म्हणाल्या. त्यांनी टोपलीतला एक गुलाब उचलला. "थंडीत बोटं फुटायची तिची. तरी दुकानापुढून कुणी उदास चेहऱ्याने गेलं की हाक मारून एक फूल द्यायची. तुम्ही कोण, कुठले, काही विचारायची नाही." मग त्यांनी पदराने नाक पुसलं आणि एकदम ताठ बसल्या. "बरं. आता थिओडोराची सांग!"

इथे माझी पाचावर धारण बसली! थिओडोरा नावाच्या संत स्त्रिया बऱ्याच होत्या, आणि घाईत मी एकीचीच गोष्ट वाचली होती. तीही अर्धी!

"ती... म्हणजे... तिने पुरुषाचा वेष केला आणि मठात जाऊन राहिली."

"काय?" काकू म्हणाल्या.

"हो. आणि... मग गावातल्या एका मुलीला बाळ झालं, आणि त्या बाळाचा बाप म्हणून आळ आला तो... थिओडोरावर."

भाऊजींनी सवयीने तोंड मिटलं.

"माझ्या आईच्या नावाची बाई," काकू एकेक शब्द मोजत म्हणाल्या, "बाप?"

"नाही ना! तेच तर! एका शब्दात सुटली असती. 'मी बाई आहे' म्हणायचं, संपलं! पण ती बोललीच नाही. मठातून हाकललं तिला, त्या बाळासकट. तिने ते मुकाट्याने घेतलं आणि वाढवलं, स्वतःचं असल्यासारखं. खरं काय ते ती गेल्यावर कळलं लोकांना."

आता मी काकूंकडे भीत भीत पाहत होतो. पण उठून उभी राहिली ती आई.

"दुसऱ्याचं लेकरू," आई म्हणाली. "लोक माझ्या मावशीलाही नाही नाही ते बोलले. लग्नाआधीच हे मूल कुठून आणलं म्हणाले. तिने एकदाही सांगितलं नाही की हे माझ्या बहिणीचं आहे. मी शाळेत जायला लागल्यावर मला कळलं." तिने ताईच्या खांद्यावरून बाळाला घेतलं आणि छातीशी धरलं. काकू उठल्या, आत गेल्या आणि चहा करून घेऊन आल्या. आणि आई तो प्यायली! दोन कप!

मी घरी गेलो तो तरंगत. संदर्भ विभागाचा विजय असो!

शुक्रवारी सकाळी अकराला आईचा फोन. "मी विचार केला. थिओडोराच ठेवायचं. माझ्या मावशीला शोभणारी गोष्ट तीच आहे."

"वा, आई! मोठं मन तुझं!"

अकरा वाजून पाच मिनिटांनी काकूंचा फोन. "डोरोथी. ठरलं. गुलाबांची टोपली डोळ्यांपुढून जातच नाही रे."

"वा, काकू!..." मी म्हणालो आणि मग मला अकराचा फोन आठवला.

दुपारपर्यंत युद्ध पुन्हा पेटलं, आणि आता ते पहिल्यापेक्षा भयंकर होतं, कारण आता दोघी चांगुलपणाने भांडत होत्या!

"विहीणबाई, तुमच्या आईचंच नाव ठेवायचं!"

"छे छे, तुमच्या मावशीचंच!"

"का हो? तुमच्याच आईचं नाव आता तुम्हाला नकोसं झालं?"

"आणि तुम्ही मावशीचं ऋण एका दिवसात विसरलात?"

चार वाजता खुद्द फादरांचा फोन आला. "मुला, तुझ्या घरात चाललंय काय? परवा डोरोथी सांगणाऱ्या बाई आज थिओडोरा सांगतायत, आणि थिओडोरावाल्या डोरोथी. मी नाव पेन्सिलने लिहितोय. खोडरबर संपत आलंय!"

"फादर, तुम्ही दोन्ही लिहा!"

"बाळं किती आहेत?"

"एक."

"मग जागा मोकळी ठेवतो," फादर म्हणाले. "रविवारपर्यंत काय ते ठरवा."

रविवारी आम्ही सगळे बाप्तिस्म्याच्या कुंडाभोवती उभे राहिलो. पोरगी पांढऱ्या झग्यात, डोक्यावर आईने विणलेली टोपी. काकूंनी धुऊन, इस्त्री करून आणलेली! फादरांनी वही उघडली, पेन्सिल काढली आणि विचारलं, "बाळाचं नाव?"

"थिओडोरा!" आई म्हणाली.

"डोरोथी!" काकू म्हणाल्या.

"देवाची देणगी!" मी ओरडलो. का, ते मला आजही सांगता येणार नाही.

आवाज छतापर्यंत जाऊन परत आला. मागच्या बाकावर कुणीतरी फिसकन हसलं. फादरांची पेन्सिल हवेत थांबली. आणि मग ताई बोलली. नववीच्या वर्गावर वापरते त्या आवाजात.

"डोरा."

फादरांची पेन्सिल वहीवर टेकली.

"दोन्ही पदांत सामाईक आहे ते मी बाहेर काढलं," ताई म्हणाली. "आता कुणाला काही शंका?"

कुणाला नव्हती. भाऊजींनी तोंड उघडलं आणि मोठ्याने म्हणाले, "डोरा!" लग्नानंतर एवढं ठाम बोलताना मी त्यांना पहिल्यांदाच ऐकलं. फादरांनी पाणी घातलं. डोराबाईंनी एक सणसणीत शिंक दिली, आणि आई आणि काकू एकमेकींचा हात धरून एकाच वेळी हसायला आणि रडायला लागल्या.

नंतर चहाच्या वेळी फादर माझ्याजवळ आले. "नावांचा अर्थ तू काढलास म्हणे?"

"हो!" माझी छाती दोन इंच फुगली.

"डोरा म्हणजे नुसती देणगी ना? मग माझ्या चर्चमध्ये येऊन तुम्ही देवच वगळलात की रे!"

ताईने मागूनच उत्तर दिलं, "वगळला नाही फादर. कंसात आहे." फादर इतके हसले की त्यांच्या कपातला चहा बशीत आला.

तेवढ्यात काकूंनी मला हाक मारली. कौतुकाने म्हणाल्या, "सगळ्या जगाच्या नावांचे अर्थ सांगतोस. तुझ्या नावाचा काय रे?"

आई माझ्याकडे बघायला लागली. फादर बघायला लागले. ताई, भाऊजी, मागच्या बाकावरचा तो हसणारासुद्धा! आणि अकरा वर्षं संदर्भ विभागात काढलेल्या मला तो माहीत नव्हता! कधी बघितलाच नव्हता!

सोमवारी दार उघडल्या उघडल्या कोश काढला आणि पाहिला. मग पुस्तक मिटलं, वरच्या फळीवर अगदी भिंतीला टेकवून ठेवलं आणि काकूंना फोन करून सांगितलं, की ते पान वाळवीने खाल्लंय.