वाकळे सरांची किरकोळ रजा

एखादं साम्राज्य बुडायला लागलं की वाकळे सर रजेवर जात.

हे मी गमतीनं म्हणत नाही. आमच्या हायस्कूलच्या रजेच्या अर्जांची फाईल काढून पाहिली तर सगळं लागोपाठ सापडलं असतं. मौर्यांचा शेवट आला त्या दिवशी सरांच्या पोटात मुरडा. विजयनगर पडलं तेव्हा दाढ. मोगलांच्या ऱ्हासाला तीन दिवस थंडीताप. आणि मराठी राज्य गेलं त्या आठवड्यात सर थेट आजारी मामाला भेटायला गावी. हा मामा, आमच्या शिपायाच्या म्हणण्याप्रमाणे, सर नोकरीला लागायच्या आधीच वारला होता.

एकाहत्तरच्या जूनमध्ये मी नगर जिल्ह्यातल्या घोडेगावजवळच्या त्या गावात भूगोलाचा शिक्षक म्हणून रुजू झालो. वय तेवीस, मिशी नुकती जमू लागलेली. हेडमास्तरांनी वेळापत्रक हातात दिलं आणि चष्म्यावरून बघत म्हणाले, "भूगोल सगळा तुमचा. शिवाय इतिहासातला ऱ्हास तुमच्याकडे."

"म्हणजे?"

"उदय आणि विस्तार वाकळे सर घेतात. बुडण्याच्या दिवशी ते रजेवर असतात, तेव्हा कारणं तुम्ही सांगायची. आधीचे भूगोलवालेही सांगायचे."

"पण का?"

"चांगला माणूस आहे हो," हेडमास्तर म्हणाले, जणू तेच उत्तर होतं.

सरांचा वर्ग आणि माझा वर्ग यांच्यामध्ये पत्र्याचा पडदा होता. सर सहा फूट उंच, मिशा झुपकेदार, आवाज असा की पलीकडच्या रस्त्यानं जाणारे बैल कान टवकारायचे. विजयाचा धडा असला की ते बाकांचा किल्ला रचत, डस्टरचा तोफगोळा करत आणि खिडकीतून घोडदळ आणत. "नदी ओलांडली! खिंड घेतली! आता कोण आडवतो?" असं ते गरजले की सबंध वर्ग ओरडायचा, "कुनी न्हाई!" इकडे मी विचारत असे, "मोसमी वाऱ्यांना कोण अडवतं?" आणि माझीही पोरं पडद्यापलीकडच्या सुरात सूर मिसळून सांगत, "कुनी न्हाई!" सह्याद्री त्या वर्षी कोणाच्याच उत्तरपत्रिकेत आला नाही.

अभ्यासक्रमातले विजय संपले की सर स्वतःचं साम्राज्य काढत. चंदनगिरीचं. नकाशात ते कुठंच नव्हतं, पण रिकाम्या तासाला दर वेळी चार कोस वाढायचं. त्याची फौज मोठी गंमतशीर. शत्रूच्या वेशीवर जायची, नगारे वाजवायची, आणि आतला राजा शरण आला की त्याला पंगतीत बसवून गरम जिलेबी वाढायची.

"सर, मंग हरलं कोन?" एखादा विचारायचा.

"कुणी न्हाई. आमच्यात हरायची पद्धतच न्हाई."

मुलं खूश व्हायची. मी पडद्याआड हसायचो. कारण इतका गरजणारा हा माणूस प्रत्यक्षात कमालीचा भित्रा होता. साप, विंचू, हेडमास्तर, शिक्षणखात्याचे साहेब, यांना नाही. गर्दीला. त्यातही आनंदात आलेल्या गर्दीला. बँड वाजला की सर भिंतीच्या कडेनं चालायला लागत. गावातल्या तालमीच्या पोरांनी कुस्तीचा फड मारला आणि पैलवानाला खांद्यावर घेऊन नाचत शाळेवरून गेली, तेव्हा सर नकाशांच्या खोलीत शिरले ते तासाभरानं मिशीला कोळिष्टकं लावून बाहेर आले. "नकाशे मोजत होतो," म्हणाले. आम्ही तरुण मास्तर मंडळी पुढं कितीतरी दिवस एकमेकांना विचारायचो, "काय, किती भरले नकाशे?" त्यांच्यासमोर विचारलं तरी ते नुसते हसायचे.

डिसेंबरात लढाई सुरू झाली. नगरला लष्कराचा तळ, म्हणजे पहिला बाँब आपल्याकडेच, असं गावानं एकमुखानं ठरवून टाकलं. खिडक्यांच्या काचांना निळे कागद लागले. संध्याकाळ झाली की दिवे बंद. हेडमास्तरांनी मैदानात खंदक खणून घेतला आणि पहिल्याच दिवशी मुलांना तो कसा वापरायचा हे दाखवताना त्यात पडले. माझी तर गाळण उडाली होती. एकदा साखर कारखान्याचा भोंगा झाला आणि मी टेबलाखाली जाऊन बसलो. डोकं बाहेर काढलं तर समोर वाकळे सर शांतपणे वह्या तपासत बसलेले.

"या वर. दुपारची पाळी सुटली," ते म्हणाले.

"सर, तुम्हाला भीती नाही वाटत?"

"लढाई चालू आहे तोवर सगळे एकमेकांना धरून असतात हो. तेव्हा काय भ्यायचं?"

मला वाटलं, सर वयानं मोठे, अनुभवी, म्हणून असं बोलतात. पण दोन आठवड्यांनी रेडिओवर आपण जिंकल्याची बातमी आली. शिक्षकांच्या खोलीत आम्ही एकमेकांना मिठ्या मारत होतो. शिपायानं घंटा इतकी बडवली की तिचा दोर तुटला. त्या गलक्यात माझं लक्ष सरांकडे गेलं. ते भिंतीला टेकून उभे होते, आणि चेहरा राखेसारखा पडला होता.

हेडमास्तर म्हणाले, "उद्या चार वाजता मिरवणूक. वाकळे सर, मैदानात भाषण तुमचं. विजयावर तुमच्याइतकं कोण बोलणार?"

"उद्या मला किरकोळ रजा हवी आहे."

"अहो, उद्या जिंकल्याचा दिवस!"

"म्हणूनच," सर म्हणाले, आणि पिशवी उचलून चालू लागले.

दुसऱ्या दिवशी ते खरंच आले नाहीत. तीन वाजता हेडमास्तरांनी मला पिटाळलं. "उचलून आणा, पण आणा."

सरांच्या खोलीला कुलूप होतं. शेजारची बाई म्हणाली, "मास्तर व्हय? मनेर आळीत बघा. बांगडीवाल्या अमीनाबीकडं आसत्याल."

मणेर आळी म्हणजे वेशीजवळचा एक अरुंद बोळ, सातआठ घरांचा. त्यातल्या पहिल्याच घराच्या पायरीवर सर बसले होते. बोळाच्या तोंडाकडे तोंड करून, गुडघ्यांवर हात ठेवून, फोटोला बसल्यासारखे. आत साठीच्या पुढची एक ठेंगणी बाई काकणांचे जोड लावत होती.

"बगा की ओ," ती मला म्हणाली, "सकाळधरनं दारात बसलाय. गिऱ्हाईक येतंय आन् ह्याच्या मिशा बगून माघारी जातंय."

"सर, सगळे वाट बघताहेत."

"मिरवणूक वेशीतून येणार ना? म्हणजे इथूनच."

"हो. मग मैदान."

"बसा," सर म्हणाले. "दोघं असलेलं बरं."

मला हसू येणार होतं. पण मग माझं लक्ष आजूबाजूला गेलं. बाकीच्या सगळ्या घरांची दारं, भर दुपारी, बंद होती. हे मी बोळात शिरताना पाहिलंच नव्हतं. मी त्यांच्या शेजारी बसलो.

ढोलाचा आवाज आधी आला. मग घोषणा. मग बोळाच्या तोंडाशी गुलालाचा ढग दिसला आणि माणसं जाताना दिसू लागली. मी मोजत होतो, आता निम्मी गेली, आता थोडी राहिली. तेवढ्यात आठदहा जण रांगेतून फुटले आणि बोळात शिरले. पुढं पोपट गर्जे. तीन वर्षांपूर्वी दहावीतून शाळा सोडून ट्रॅक्टरवर लागलेला. डोळे तांबारलेले, केसात गुलाल.

"ए म्हातारे! भाईर ये! जय म्हन!"

ते रागात होते की मजेत, हे त्यांचं त्यांनाही ठाऊक नसावं. पण एकाच्या हातातून दगड सुटला आणि वरच्या पत्र्यावर धाडकन वाजला. आत काकणांचा आवाज थांबला. दुसरा एक जण दगड उचलायला वाकला. खरं सांगतो, मी उठलो आणि दाराच्या आत सरकलो. मला वाटलं, सरही माझ्या मागोमाग आत येतील.

सर उठले आणि बोळाच्या मध्यावर जाऊन उभे राहिले.

"गर्जे पोपट! उभा राहा!"

तोच आवाज. पोपट उभाच होता, तरी आणखी ताठ झाला. "हजर सर," त्याच्या तोंडून सवयीनं निघून गेलं. मागं कोणीतरी फिस्सकन हसलं.

"शिरसाठ, हातात काय आहे? खाली ठेव. तिथं न्हाई, भिंतीकडं. पायात येईल कुणाच्या."

"सर, आमी जिकलो," पोपट म्हणाला.

"कोण जिंकलं?"

"आपन."

"आपण म्हणजे कोण कोण? तुझ्या बहिणीच्या लग्नात चुडा कुणी भरला?"

पोपट खाली बघू लागला. "हिनंच."

"मग ती आपल्यात न्हाई? या बोळात हरलेला एक माणूस मला दाखव. एक. बोट करून दाखव."

कोणी बोट केलं नाही. ढोल लांब जात होता. तेवढ्या वेळात काहीही होऊ शकलं असतं. एकानं चेष्टेत शीळ मारली असती तरी पुरेसं होतं.

"दोनदोनच्या रांगा करा," सर म्हणाले. "मैदानात जाऊन बसा. मी येईपर्यंत जागचं हलायचं न्हाई."

आणि ते गेले. दोनदोनच्या रांगेत, गुलालानं माखलेले ते घोडे गेले. पोपट कोपऱ्यावरून माघारी आला, डोकं खाजवत म्हणाला, "येतो सर," आणि पळाला.

सर वळले. दोन पावलं चालले आणि पायरीवर बसायच्या ऐवजी मातीतच बसले. मी धावत जाऊन त्यांना धरलं. अंगाला दरदरून घाम.

"मी नदीपलीकडचा," ते एकदम म्हणाले. मी काही विचारलं नव्हतं. "निजामाच्या मुलखातला. ते राज्य गेलं तेव्हा वीस वर्षांचा होतो. जायलाच हवं होतं ते, आम्ही फार सोसलं होतं. मीही घोषणा दिल्या, साखर वाटली. तिसऱ्या दिवशी जमाव आमच्या गल्लीत आला. समोर हिचं घर. हिचा नवरा बांगड्या भरायचा. राजाचं तोंडसुद्धा पाहिलं नव्हतं त्यानं. त्यानं मला हाक मारली, नावानं. मी आतून कडी लावून उभा होतो. दोनदा हाक मारली त्यानं."

मग तळहाताची माती झटकून म्हणाले, "राज्य बुडालं असं पुस्तकात एका ओळीत असतं. एखादं पोरगं विचारतं, सर, मग तिथल्या माणसांचं काय झालं? आणि मला उत्तर येतं हो."

मी अमीनाबीकडे पाहिलं. हे तिला ठाऊक आहे की आत्ताच कळतंय, या विचारानं मला धडकी भरली. ती दारात उभी होती.

"पयल्याच दिशी बोललाय त्यो," ती म्हणाली. "मला आन् माज्या पोरीला हिकडं आनायला नाव आनली हुती, तवा. निम्म्या पान्यात आल्यावर रडाया लागला. मी म्हनलं, मंग रडशील. आदी पोरीला धर, पानी लई हाय."

मग सरांना म्हणाली, "ऊट. चा पी. मातीत बसून काय व्हनार हाय?"

सर उठले. बशीत ओतलेला चहा त्यांच्या हातून सांडत होता, म्हणून तिनं बशी धरून तो त्यांना पाजला. मैदानात हेडमास्तरांनी वाट बघून बघून स्वतःच तासभर भाषण ठोकल्याचं मला नंतर कळलं. कारखान्याच्या शिट्टीपर्यंत आम्ही तिथंच बसलो. एकेक करत बोळातली दारं उघडली. कोणीतरी चूल पेटवली, लसणाचा वास आला.

दिवेलागणीला सर जायला निघाले. बोळाच्या तोंडाशी येऊन थबकले. मैदानाकडून फटाक्यांची लड वाजली.

"एक विचारू?" ते म्हणाले. "मला घरापर्यंत सोडता का?"

मी त्यांचा हात धरला. तो थंडगार होता. माझ्यापेक्षा वीतभर उंच, दुप्पट रुंद माणूस. फटाका वाजला की त्याची बोटं माझ्या बोटांभोवती आवळत होती. वाटेत शाळेतली पोरं भेटली, त्यांनी नमस्कार केला. सरांनी मान हलवली, हात सोडला नाही.

कुलूप मीच उघडलं. आत एक खाट, एक खुर्ची, खुंटीवर दोन सदरे. इतक्या वर्षांत त्या खुर्चीवर कोणी बसल्यासारखं दिसत नव्हतं. मी दिवा लावला आणि निघायला वळलो.

"घाई नसेल तर थोडं बसा," सर म्हणाले.

घाई नव्हती. मी खुर्ची खाटेजवळ ओढली आणि बसलो.